मुद्रांक शुल्काच्या मागणीला आव्हान कसं द्यायचं? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फ्लॅट किंवा जमीन घेतली, दस्त नोंदला, आणि काही महिन्यांनी मुद्रांक जिल्हाधिकारी कार्यालयातून पत्र येतं : मूल्यांकन कमी दाखवलं आहे, फरक आणि दंड भरा. लोक घाबरतात, एजंटाकडे धावतात, नाहीतर पत्र कपाटात ठेवून देतात. ही माहिती त्यांच्यासाठी आहे. ती महाराष्ट्र मुद्रांक अधिनियम १९५८ धरून लिहिली आहे. एक गोष्ट सुरुवातीलाच सांगतो. कोर्टातली लढाई बहुतेक वेळा कोर्टात जिंकली किंवा हरली जात नाही. पहिल्या सुनावणीत तुम्ही काय लिहून दिलं, कोणते कागद जोडले आणि त्याची पोच घेतली की नाही, यावरच ती ठरते.

नोटीस आली आहे. सर्वात आधी काय करू?

नोटीस कोणत्या कलमाखाली आहे ते पाहा, कारण पुढचा सगळा रस्ता त्यावर ठरतो. साधारण चार प्रकार दिसतात. दस्त नोंदणीला दिला तेव्हा दुय्यम निबंधकाला बाजारमूल्याबद्दल शंका आली आणि त्याने तो मुद्रांक जिल्हाधिकाऱ्याकडे पाठवला, तर कलम ३२अ. नोंदणी झाल्यावर जिल्हाधिकाऱ्याने स्वतःहून दस्त मागवला तरी कलम ३२अ. हा अधिकार नोंदणीपासून दहा वर्षांपर्यंत वापरता येतो. दस्त कोर्टात किंवा एखाद्या कार्यालयात सादर झाला आणि पुरेसा मुद्रांक नाही म्हणून अडकवून ठेवला, तर कलम ३३ आणि त्यापाठोपाठ ३९. आणि आधी एकदा शुल्क ठरून प्रमाणपत्र मिळालेलं असताना वरच्या अधिकाऱ्याने ते पुन्हा उघडलं, तर कलम ५३अ.

मग नोटीस हातात पडल्याची तारीख लिहून ठेवा. पाकीट फेकू नका, त्यावर टपालाचा शिक्का असतो. दिलेल्या तारखेला हजर राहा. कागद जमवायला वेळ लागणार असेल तर मुदतवाढीचा अर्ज द्या आणि त्याच्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. तोंडी सांगितलेलं कुठेच राहत नाही.

माझ्या दस्ताचं शुल्क नेमकं कशावर ठरतं?

दस्तात लिहिलेला मोबदला आणि दस्त झाला त्या दिवशीचं बाजारमूल्य, यांतलं जे जास्त असेल त्यावर. बाजारमूल्यासाठी नोंदणी व मुद्रांक खात्याचं हत्यार म्हणजे वार्षिक मूल्यदर तक्ता, ज्याला आपण सगळे रेडी रेकनर म्हणतो. तो १९९५ च्या नियमांनुसार तयार होतो आणि दर तुमच्या सर्व्हे नंबरच्या किंवा सीटीएस (नगर भूमापन) नंबरच्या विभागाप्रमाणे लागतो.

मात्र तक्त्यासोबत मार्गदर्शक सूचनाही असतात आणि घोळ बहुतेक तिथेच होतो. जुन्या इमारतीचा घसारा धरलेला नसतो. जुना भाडेकरू बसलेली मिळकत रिकामी समजून मोजलेली असते. मोठ्या जमिनीला छोट्या प्लॉटचा दर लावलेला असतो. कार्पेटवरून बिल्टअप काढताना गुणक दोनदा लावलेला असतो. विभाग क्रमांकच शेजारचा पडलेला असतो. म्हणून वकिलाकडे जाण्याआधी मूल्यांकनाचा तक्ता मागून घ्या आणि ओळ न् ओळ तपासा. यातली चूक सापडली तर तत्त्वाचा वाद घालायची गरजच उरत नाही.

रेडी रेकनरला कायदेशीर ताकद नाही, असं सुप्रीम कोर्टानेच म्हटलं आहे ना?

म्हटलं आहे, पण या वाक्यावर सगळी भिस्त ठेवू नका. १९९४ मध्ये जवाजी नागनाथम प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की, महसुलासाठी बनवलेल्या मूल्य नोंदवहीला वैधानिक आधार नसेल तर ती बाजारमूल्याचा पाया होऊ शकत नाही. ते प्रकरण आंध्र प्रदेशातलं होतं. महाराष्ट्रात तक्त्यामागे कायदा आणि नियम आहेत, त्यामुळे तो निकाल इथे जसाच्या तसा लागू पडेल असं समजणं धोक्याचं आहे.

तरीही त्या आणि नंतरच्या निकालांतून एक गोष्ट हाती लागते : तक्त्यातला दर हा सुरुवातीचा अंदाज आहे, अखेरचा शब्द नाही. तुमची मिळकत तक्त्यातल्या सरासरी मिळकतीसारखी नाही हे तुम्ही पुराव्याने दाखवलं, तर अधिकाऱ्याला त्यावर उत्तर द्यावंच लागतं. "रेडी रेकनरप्रमाणे दर योग्य आहे" एवढ्या एका ओळीत तुमचा पुरावा उडवून लावलेला आदेश अपिलात कमकुवत ठरतो.

मी दिलेले सगळे पैसे बँकेतून गेले आहेत. तेवढं पुरेसं नाही का?

नाही. खरा मोबदला तेवढाच होता हे सिद्ध झालं तरी कायदा बाजारमूल्य विचारतो. नातेवाइकाने स्वस्तात दिली, विक्रेता अडचणीत होता, ही कारणं माणूस म्हणून पटतात, पण शुल्क कमी करत नाहीत. तुम्हाला दाखवायचं आहे ते वेगळंच : त्या दिवशी, त्या जागी, दुसऱ्या कोणालाही ही मिळकत याहून जास्त भावाला विकता आली नसती.

मग ते दाखवायचं कसं?

समजा गावाबाहेरचा चाळीस गुंठ्यांचा तुकडा आहे. विकास आराखड्यात तो रहिवास विभागात आल्यामुळे खात्याने बिनशेती दर लावला. प्रत्यक्षात जमिनीला कायदेशीर रस्ता नाही, बांधावरून जावं लागतं, वर उच्चदाब विजेची लाइन आहे आणि सातबाऱ्यावर अजून पीकपाणी लागतंय. लेखी म्हणणं देताना यातला प्रत्येक मुद्दा स्वतंत्र परिच्छेदात लिहा आणि प्रत्येकाखाली कागद लावा : मोजणीचा नकाशा, सातबारा आणि फेरफार, झोन दाखला, वीज कंपनीचं पत्र, तारखेसह फोटो.

त्यानंतर शेजारच्या व्यवहारांचे दाखले जोडा. नोंदणी कार्यालयातून सूची क्रमांक दोन, म्हणजे इंडेक्स टूच्या नकला मिळतात. तुमच्या दस्ताच्या आसपासच्या तारखांचे, त्याच गटातले किंवा लगतचे तीन-चार व्यवहार निवडा. फक्त स्वस्तातले वेचून लावू नका, खात्याकडे सगळी सूची असते. शेवटी शासनमान्य मूल्यांकनकाराचा अहवाल. हा अहवाल दस्ताच्या तारखेचं मूल्य सांगणारा हवा. आजचं मूल्य सांगणारा अहवाल कितीही देखणा असला तरी उपयोगाचा नाही, आणि ही गफलत फार वेळा होते.

म्हणण्याच्या अखेरीस दोन मागण्या न विसरता लिहा : प्रत्यक्ष सुनावणी द्यावी, आणि ज्या कागदावर किंवा नगररचना व मूल्यनिर्धारण विभागाच्या ज्या अहवालावर खातं विसंबून आहे त्याची प्रत द्यावी. प्रत न देता त्याच अहवालावर आदेश काढला, तर उच्च न्यायालयात जायला तुमच्याकडे खणखणीत मुद्दा तयार होतो.

अधिकारी मला न कळवता जागा पाहून गेले. हे चालतं का?

चालू नये. २०१२ मध्ये सुप्रीम कोर्टाने उत्तर प्रदेश सरकार विरुद्ध अंबरीश टंडन या प्रकरणात असाच आदेश टिकू दिला नाही. तिथे पक्षकाराला नोटीस न देता पाहणी झाली होती आणि रहिवासी मिळकतीला व्यापारी दर लावला होता. त्याच निकालात आणखी एक मोलाची गोष्ट आहे : मिळकतीचा वापर खरेदीच्या दिवशी काय होता ते पाहायचं, पुढे तिथे काय उभं राहिलं ते नाही. घर घेतल्यावर दोन वर्षांनी खाली दुकान काढलं म्हणून जुन्या दस्ताला दुकानाचा दर लावला गेला असेल, तर हा निकाल अर्जात जरूर नमूद करा.

दंड किती लागतो?

कमी भरलेल्या रकमेवर दस्त झाल्यापासून दर महिन्याला दोन टक्के, आणि जास्तीत जास्त त्या रकमेच्या चौपट. आकडे घालून पाहू. मोबदला साठ लाख, खात्याच्या मते मूल्य चौऱ्याऐंशी लाख आणि शुल्काचा दर सात टक्के धरला, तर फरक २४ लाखांवर १,६८,००० रुपये होतो. दस्ताला अठरा महिने झाले असतील तर छत्तीस टक्के, म्हणजे ६०,४८० रुपये दंड. एकूण मागणी २,२८,४८० रुपये.

हा दंड महिन्यागणिक वाढतो. म्हणूनच कपाटात ठेवलेलं पत्र महाग पडतं. सरकार मधूनमधून अभय योजना आणते. डिसेंबर २०२३ पासूनच्या योजनेत १९८० ते २०२० या काळातल्या दस्तांना सवलत होती. पण पुढची योजना येईल या आशेवर अपिलाची मुदत घालवू नका.

आधी पैसे भरावेत की आधी भांडावं?

रक्कम झेपणारी असेल आणि मिळकतीवर कर्ज किंवा पुढची विक्री अडली असेल, तर "हरकत कायम ठेवून, अपिलाचा हक्क राखून" असं पत्र देऊन रक्कम भरावी, असं माझं मत आहे. दंडाचं मीटर थांबतं आणि वाद चालू ठेवता येतो. पत्र न देता गुपचूप भरलं तर पुढे "तुम्ही मान्य केलंत" असं ऐकावं लागतं.

रक्कम मोठी असेल तर अपिलासोबतच स्थगितीचा अर्ज द्या. नुसतं अपील दाखल झाल्याने वसुली थांबत नाही. थकबाकी जमीन महसुलाप्रमाणे वसूल करण्याचा अधिकार खात्याला आहे, म्हणजे सातबाऱ्यावर किंवा मिळकत पत्रिकेवर बोजा चढू शकतो आणि जप्तीही होऊ शकते.

अपील कुठे आणि किती दिवसांत?

आदेश मिळाल्यापासून साठ दिवसांत. बाजारमूल्य ठरवणाऱ्या आदेशाविरुद्ध कलम ३२ब खाली संबंधित विभागाच्या नोंदणी उपमहानिरीक्षक व मुद्रांक उपनियंत्रकांकडे जावं लागतं. मुंबईत ही व्यवस्था अपर मुद्रांक नियंत्रकांकडे आहे. वाद मूल्याचा नसून दस्त कोणत्या प्रकारचा आहे, मुद्रांक कायद्याच्या अनुसूचीतला कोणता अनुच्छेद लागतो, असा असेल तर कलम ५३ चा रस्ता, म्हणजे मुख्य नियंत्रक महसूल प्राधिकारी. चुकीच्या दारात अपील पडलं तर महिने वाया जातात, म्हणून आदेशाखाली अपिलाबद्दल काय लिहिलं आहे ते नीट वाचा. विलंब माफ होईल या भरवशावर राहू नका.

अपील न करता थेट हायकोर्टात गेलं तर?

बहुतेक वेळा कोर्ट परत पाठवतं : कायद्याने अपील दिलं आहे, आधी तिथे जा. सुप्रीम कोर्टाने १९९८ च्या व्हर्लपूल निकालात अपवाद सांगितले आहेत : मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्याय, म्हणजे तुमचं ऐकून घेण्याचं तत्त्व, पायदळी तुडवलं जाणं, अधिकारच नसताना दिलेला आदेश, किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान. सुनावणीच दिली नाही, दहा वर्षं उलटल्यावर दस्त मागवला, किंवा परिपत्रकाच्या जोरावर कायद्यात नसलेलं शुल्क लावलं, अशा वेळी थेट रिट याचिका टिकू शकते. "दर जास्त लावला" एवढंच म्हणणं असेल तर टिकणार नाही.

दिवाणी कोर्टात दावा लावता येईल का?

आकारणीविरुद्ध नाही. कायद्याने त्याची स्वतंत्र उतरंड घालून दिली आहे. दिवाणी कोर्टाचा संबंध येतो तो दस्त पुरावा म्हणून दाखल करताना. मुद्रांक अपुरा असेल तर फरक आणि दंड भरेपर्यंत तो दस्त पुराव्यात वाचला जात नाही.

अपिलातही हरलो. आता हायकोर्ट नेमकं काय तपासतं?

राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ किंवा २२७ खाली रिट याचिका करता येते. तिथे न्यायमूर्ती तुमच्या प्लॉटचा भाव ठरवायला बसत नाहीत. आदेशाला कारणं आहेत का, तुमचा पुरावा विचारात घेतला का, योग्य अनुच्छेद लावला का, मुदत पाळली का, हे पाहिलं जातं. चूक दिसली तर प्रकरण बहुधा नव्याने ऐकण्यासाठी परत पाठवलं जातं. हे ऐकून लोक हिरमुसतात, पण दुसऱ्या फेरीत अधिकाऱ्याला कारणं लिहावी लागतात आणि मागणी खाली येण्याची खरी शक्यता तिथेच असते.

अंतरिम स्थगिती मागितली तर काही रक्कम भरण्याची अट पडू शकते, तिची तयारी ठेवा. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरसोबत १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरलाही सर्किट बेंच बसतं. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांच्या लोकांची मुंबईची खेप त्यामुळे वाचते.

आणखी एक, फारसा न वापरला जाणारा रस्ता कलम ५४ चा आहे. कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तर मुख्य नियंत्रक महसूल प्राधिकारी तो उच्च न्यायालयाकडे निर्णयासाठी पाठवू शकतो. जुन्या केंद्रीय कायद्यातल्या अशाच तरतुदीबद्दल १९५० मध्ये महाराष्ट्र शुगर मिल्स प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की हा निव्वळ अधिकार नाही, कर्तव्यही आहे. २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने रिलायन्सच्या विलीनीकरणावरचा प्रश्न अशाच संदर्भात सोडवला. गुजरातमध्ये भरलेलं शुल्क महाराष्ट्रातल्या शुल्कातून वजा करा, ही कंपनीची मागणी तिथे मान्य झाली नाही.

आमची सोसायटी पुनर्विकासाला गेली आहे. प्रत्येक सभासदाच्या नव्या घरावर पुन्हा शुल्क मागतात. बरोबर आहे का?

जुन्या घराच्या बदल्यात मिळणाऱ्या घरावर नाही. सामान्य माणसाच्या दृष्टीने गेल्या काही वर्षांतला हा सर्वात मोठा निकाल आहे, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

पुनर्विकासात सोसायटी आणि विकासक यांच्यात विकास करारनामा होतो आणि त्यावर रीतसर शुल्क भरलं जातं. त्यानंतर विकासक प्रत्येक सभासदाशी कायमस्वरूपी पर्यायी घराचा करार करतो. नोंदणी महानिरीक्षकांनी २३ जून २०१५ आणि ३० मार्च २०१७ ला परिपत्रकं काढली आणि या दुसऱ्या करारांवरही बांधकाम खर्चाच्या हिशेबाने शुल्क मागितलं जाऊ लागलं. आयुष्यभर त्याच इमारतीत राहिलेल्या निवृत्त माणसाला स्वतःच्याच घरात परत जाण्यासाठी शुल्क भरायला सांगणं, असा त्याचा अर्थ होता.

आदित्यराज बिल्डर्सच्या याचिकेसह अनेक याचिकांवर मुंबई उच्च न्यायालयाच्या न्या. गौतम पटेल आणि न्या. नीला गोखले यांनी १७ फेब्रुवारी २०२३ ला निकाल दिला. सभासद हे घर विकत घेत नाही. विकासकाला जे हक्क मिळाले त्यांच्या बदल्यात ते घर येतं, आणि त्या हक्कांवर शुल्क आधीच भरलेलं आहे. विकास करारनामा हा मुख्य दस्त, सभासदाचा करार त्याला पूरक. कायद्याच्या कलम ४ प्रमाणे पूरक दस्ताला नाममात्र शुल्क. परिपत्रक काढून कर बसवता येत नाही. ती परिपत्रकं त्या मर्यादेत रद्द झाली.

मर्यादाही लक्षात ठेवा. सभासदाने हक्काच्या क्षेत्राव्यतिरिक्त जादा जागा पैसे मोजून घेतली असेल तर तेवढ्यावर शुल्क लागतंच. म्हणून करारात हक्काचं क्षेत्र आणि विकत घेतलेलं क्षेत्र वेगवेगळ्या कलमांत, वेगवेगळ्या आकड्यांनी लिहून घ्या. एकत्र लिहिलेल्या आकड्यातून पुढे वाद उभे राहतात.

ऑडिटचा आक्षेप आहे म्हणून जुन्या दस्तावर मागणी आली आहे.

हे फार दिसतं. लेखापरीक्षणात परिच्छेद निघतो आणि कार्यालय थेट नोटीस काढतं. शुल्क ठरून प्रमाणपत्र मिळालं असेल तर कलम ५३अ खाली ते सहा वर्षांच्या आतच, कारणं नोंदवून आणि तुमचं ऐकूनच बदलता येतं. आधी प्रमाणपत्राची तारीख पाहा. मुदतीत असेल तर आक्षेपाची प्रत मागा आणि त्यातल्या मजकुराला उत्तर द्या. ऑडिटरचं मत हे निमित्त असू शकतं. निर्णय मात्र अधिकाऱ्याने स्वतःची बुद्धी वापरून घ्यायला हवा. आक्षेपातली वाक्यं जशीच्या तशी आदेशात उतरली असतील तर तोच तुमच्या अपिलाचा पहिला मुद्दा.

कोर्टाच्या लिलावात मिळकत घेतली. तिथेही रेडी रेकनर?

नाही. नोव्हेंबर २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टाने एएसएल व्यापार प्रकरणात स्पष्ट केलं की, कोर्टामार्फत झालेल्या जाहीर लिलावातली किंमत हेच बाजारमूल्य. थकीत कर्जाच्या वसुलीसाठी बँकेने सरफेसी कायद्याखाली केलेल्या विक्रीत हा मुद्दा इतका सरळ नाही, तिथे आधीच अभिनिर्णय घ्यावा.

अभिनिर्णय म्हणजे काय? त्याने वाद टळतो का?

मला विचाराल तर मोठ्या किंवा चमत्कारिक व्यवहारात हाच शहाणपणाचा मार्ग. कलम ३१ खाली दस्ताचा मसुदा सह्या होण्याआधीच मुद्रांक जिल्हाधिकाऱ्यापुढे ठेवून शुल्क ठरवून घेता येतं. हुकूम पटला नाही तर सही न करता अपिलात जाता येतं. दंडाचा प्रश्नच येत नाही आणि नोंदणीची चार महिन्यांची मुदतही सुरू झालेली नसते. शुल्क भरून प्रमाणपत्र मिळालं की पुढची भीती कलम ५३अ पुरतीच राहते.

याचा आयकराशी संबंध आहे का?

मोठा आहे, आणि तो बहुतेकांना उशिरा कळतो. मुद्रांकासाठी ठरलेलं मूल्य मोबदल्यापेक्षा दहा टक्क्यांहून जास्त असेल तर विकणाऱ्याचा भांडवली नफा त्या मूल्यावर मोजला जाऊ शकतो आणि घेणाऱ्याच्या उत्पन्नातही फरक धरला जाऊ शकतो. आयकर अधिकाऱ्याकडे "हे मूल्य जास्त आहे, मूल्यांकन अधिकाऱ्याकडे पाठवा" असं विक्रेता म्हणू शकतो, पण तेच मूल्य मुद्रांकाच्या अपिलात किंवा कोर्टात आव्हानित केलेलं नसेल तरच. म्हणून अपील दाखल करण्याआधी सीएशी बोला, आणि विक्रेत्यालाही कळवा.

आम्ही गोव्यात, बेळगावात किंवा परदेशात आहोत. हेच नियम लागू होतात का?

मिळकत जिथे, कायदा तिथला. गोव्यात १८९९ चा केंद्रीय मुद्रांक कायदा तिथल्या दुरुस्त्यांसह चालतो आणि याचिका मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठापुढे जाते. बेळगावला कर्नाटकचा १९५७ चा कायदा. या दोन्हींकडची कलमं आणि मुदती वेगळ्या आहेत.

मिळकत महाराष्ट्रात आणि तुम्ही परदेशात असाल तर सुनावणीसाठी इथल्या विश्वासू माणसाला कुलमुखत्यारपत्र द्या. परदेशात केलेलं कुलमुखत्यारपत्र राज्यात आल्यापासून तीन महिन्यांत मुद्रांकित करून घ्यावं लागतं. नाहीतर ज्या कागदाच्या बळावर तुमचा माणूस हजर राहणार, त्याच कागदावर आक्षेप येतो.

जिंकलो तर भरलेले पैसे आपोआप परत मिळतात का?

आपोआप नाही. अपिलात आणि रिट याचिकेत परताव्याची आणि व्याजाची मागणी स्वतंत्रपणे लिहिलेली हवी. मागितलंच नाही तर कोर्ट ते देईलच असं नाही. आदेश मिळाला की त्याची प्रमाणित प्रत, शुल्क भरल्याचं चलन, हरकत नोंदवून दिलेलं पत्र आणि बँक खात्याचा तपशील जोडून मुद्रांक जिल्हाधिकारी कार्यालयात लगेच अर्ज द्या. परताव्याच्या अर्जांनाही मुदत असते, त्यामुळे निकालानंतर थांबू नका. अर्जाचा आवक क्रमांक घ्या आणि महिनाभरात हालचाल दिसली नाही तर लेखी स्मरणपत्र द्या.